निळ्या बिबमधली मुलगी

केतकी गेल्याचा फोन आला तेव्हा मी इंडियन ग्रोसरीच्या रांगेत उभा होतो. फोन विनयचा, म्हणजे तिच्या बाबांचा. "केतकी गेली रे," एवढंच म्हणाला. मला वाटलं, डोंगरावर पडली असेल. तसं नव्हतं. वीस वर्षं बर्फावरून सुसाट खाली येणारी ही मुलगी कोलोराडोच्या सरळसोट हायवेवर गेली, ट्रकने मागून धडक दिली म्हणून. सत्ताविसाव्या वर्षी. याला आता सहा आठवडे झाले. पिस्कॅटवेतल्या आमच्या मराठी मंडळाने मला तिच्यावर लिहायला सांगितलं आहे, कारण मंडळाची नाटकं मीच बसवतो आणि चार ओळी बऱ्या लिहितो असा समज आहे. लिहितो. पण गोड लिहिणार नाही.

सात वर्षांची असताना विनयनेच तिला पेनसिल्व्हेनियातल्या एका टेकडीवर स्कीइंगला नेलं होतं, ऑफिसच्या ट्रिपला. तो स्वतः दोनदा आपटला आणि कॅफेटेरियात चहा पीत बसला. ती जेवायलाही खाली आली नाही. अठराव्या वर्षी कॉलेज पुढे ढकलून ती कोलोराडोला गेली, स्की क्रॉससाठी. त्यात चौघीजणी एकाच वेळी गेटमधून सुटतात, उंचवट्यांवरून उडतात, वळणांवर एकमेकींना घासतात. पहिल्या दोघी पुढच्या फेरीत जातात, उरलेल्या दोघी बाहेर. आमच्याकडे कुणी विचारलं की सुजाता, तिची आई, "तिकडे शिकतेय" म्हणून विषय बदलायची. आम्हीही जास्त खोलात शिरत नव्हतो. कुणाचा मुलगा कुठल्या कॉलेजात लागला हे आमच्या तोंडपाठ, पण ही पोरगी नक्की काय करते ते वर्षानुवर्षं एकालाही धड सांगता आलं नसतं.

आता माझ्या पापाचं सांगतो. तीन वर्षांपूर्वी तिची मोठी शर्यत व्हरमाँटला होती. इतक्या जवळ पहिल्यांदाच, गाडीने जेमतेम पाच तास. नेमका त्याच शनिवारी आमच्या नाटकाचा प्रयोग, आणि विनय प्रमुख भूमिकेत. भूमिका होती बापाची, हे सांगतानाही आज लाज वाटते. केतकीने मला स्वतः फोन केला. "काका, बाबांना एक वीकेंड सोडाल? ते म्हणाले, काका हो म्हणाले तर येतो. व्हरमाँट इज सो क्लोज."

"अगं, हॉल बुक झालाय," मी म्हणालो. "तुझ्या रेसेस काय, होतच राहतील."

"यॅ, ओके काका," ती म्हणाली. "ब्रेक अ लेग." नाटकवाल्यांना देतात ती शुभेच्छा. सुजाता नाटकाचा कपडेपट सांभाळत होती, म्हणजे तीही गेली नाही. त्या शनिवारी केतकी फायनलला पोचली आणि तिसरी आली. तिच्या कारकिर्दीतला तो सगळ्यात मोठा दिवस. आमचा प्रयोगही रंगला, विनयला दोनदा टाळ्या पडल्या. त्यानंतर तिने कुणालाच बोलावलं नाही.

शोकसभा त्याच हॉलमध्ये झाली. फोटो मोठा करून आणायचं काम माझ्याकडे होतं. घरात तिचे शाळेतले फोटो ढीगभर होते, पण शर्यतीतला एकही नाही. आमच्यापैकी कुणी तिथे गेलंच नव्हतं, तर काढणार कोण? मी इंटरनेटवर व्हरमाँटच्या फायनलचा फोटो शोधला. चौघी हवेत, सगळ्यांना हेल्मेट, गॉगल, छातीवर रंगीत बिब, म्हणजे स्पर्धकांनी वरून घालायचं बिनबाह्यांचं जाकीट. नाव कुठेच नाही. सगळ्यात पुढे लाल बिबवाली होती. पुढे आहे ती आपलीच असणार, असं धरून मी तिला कापून मोठं केलं, फ्रेम करून घेतलं. सभेत लोक एकेक करून पुढे आले, फुलं वाहिली, डोळे पुसले. अध्यक्ष म्हणाले, केतकी आपल्या सगळ्यांचा अभिमान होती. तिची कोच, मिशेल, विमानाने आली होती. ती फोटोपुढे बराच वेळ उभी राहिली आणि मग माझ्याजवळ येऊन हळूच म्हणाली, "दॅट्स नॉट केतकी. शी वॉज बिहाइंड हर. इन ब्लू."

चंदनाचा हार एका जिवंत मुलीच्या फोटोला घातला होता आम्ही. दोनशे माणसांनी तिला नमस्कार केला आणि एकाच्याही लक्षात आलं नाही. आईच्या नाही, बापाच्याही नाही. मी भर सभेत गप्प बसलो, घाबरटासारखा. नंतर पार्किंगमध्ये विनयला सांगितलं. तो गाडीला टेकून उभा राहिला. "मला वाटलंच नाही रे की ती नसेल," म्हणाला. मी माफी मागितली, तो दार उघडून गाडीत बसला.

गेल्या रविवारी त्यांच्याकडे गेलो होतो. विनय केतकीच्या खोलीत लॅपटॉप घेऊन बसला होता. मिशेलने तिच्या सगळ्या शर्यतींचे व्हिडिओ पाठवले आहेत, ते तो रोज बघतो, आवाज बंद करून. आता त्याला बिबचा रंग बघावा लागत नाही. गेट उघडायच्या आत चौघींतल्या एकीवर बोट ठेवतो, "ही." वळणावर तिचा डावा खांदा जरा जास्त खाली जातो, ते त्याने मला दाखवलं. कुठे ती धक्का खाऊन मागे पडते, कुठे आतून वाट काढते, सगळं पाठ झालंय त्याला. शर्यत संपली की बाकीच्या मुली बोर्डाकडे वळतात, नंबर बघायला. केतकी गॉगल वर करून कुंपणाकडे बघते. तिथे इतरांचे आईवडील उभे असतात, हात हलवत. ती या टोकापासून त्या टोकापर्यंत नजर फिरवते आणि मग बोर्डाकडे वळते. विनयने पुढचा व्हिडिओ लावला, मग त्याच्या पुढचा... प्रत्येकात तेच.

"मी नसणार हे तिला पक्कं माहीत होतं," तो म्हणाला. "तरी बघायची रे."