मी मोठ्याने वाचलेला शब्द

डिंडोलीत आमच्या गल्लीत इंग्रजी कागद आला की तो ओट्यावर, चारचौघांत मोठ्याने वाचायचा रिवाज होता. वाचणारी मी. नववीत होते, बक्षीस मिळालेला शब्दकोश उशाशी घेऊन झोपायचे, आणि चांगलीच शेफारले होते.

त्या दिवशी ताईची सुपारी फुटायची होती. होणारे सासरे बारडोलीहून आले होते, साखर कारखान्यातले वजनदार गृहस्थ. चहा चालू असताना ताईच्या कारखान्यातला शिपाई पाकीट देऊन गेला. ती तिथे साड्यांचे धागे कापायची. आता तिला कायम करणार, असं वडील महिनाभर सगळ्यांना सांगत होते. त्यांना वाटलं, तेच पत्र. व्याह्यांसमोर याहून चांगला मुहूर्त कुठला!

"वाच व माय, जोरमा वाच," ते म्हणाले.

ताई आतल्या दारातून मानेनेच 'नको' म्हणत होती. मी ते पाहिलं होतं. आजवर हे कोणाला सांगितलेलं नाही.

पत्रात दोनच ओळी होत्या. 'इनडीसेंट' वागणुकीबद्दल कामावरून काढण्यात येत आहे. शब्द मला येत नव्हता. गप्प बसायचं सोडून मी कोश उघडला आणि तिन्ही अर्थ खणखणीत वाचले. अशोभनीय. असभ्य. अश्लील.

शेवटचा सगळ्यांना कळला. पाहुण्यांनी कप खाली ठेवले.

ताई बाहेर आली. "सुपरवायझरनी मना हात धरा व्हता, म्हनीसन मी त्याले चापट मारी."

"कागदवर लिखेल शे ना," होणारे सासरे म्हणाले आणि चपला घालू लागले. सुपारी ताटात तशीच राहिली.

'अति शहाणा त्याचा बैल रिकामा,' आई माझ्याकडे न बघता म्हणाली. बैल ताईचा रिकामा राहिला होता, शहाणी मी होते. वडिलांनी त्यानंतर एकही इंग्रजी कागद माझ्या हातात दिला नाही. मला स्वतःची किळस आली होती, आजही येते.

पाहुणे गेल्यावर ताई मोरीत त्यांचे कप विसळत होती. मी जवळ जाऊन उभी राहिले.

"त्या पुस्तकमा देख," ती म्हणाली, "हात धरनाराले काय म्हंतस?"

कोश उघडायची गरज नव्हती. तोच शब्द होता. पण तो पुन्हा तोंडातून काढायची माझी हिंमत झाली नाही.

"नही सापडस," मी म्हणाले.

तिने ते खरं मानलं.