न बोलणाऱ्या नटासाठी ड्रेस्डेनला

जर्मनीत आलेल्या सासऱ्यांना लोक काय दाखवतात? किल्ले, ऱ्हाइन नदी, फार तर कारचा कारखाना. माझ्या सासऱ्यांनी व्हिसा मिळाला त्याच दिवशी फोनवर सांगून टाकलं, मला मात्वेय झारुबिनला बघायचंय. हे ठिकाण नाही, माणूस आहे. तोही रशियन.

बाबा, म्हणजे हे सासरे, नागपूरला रेल्वेत होते. तरुणपणी युनियनच्या हॉलमध्ये पांढऱ्या चादरीवर त्यांनी झारुबिनचा एक सिनेमा पाहिला. शेवटी खलाशी झालेला झारुबिन धक्क्यावर टोपी हातात धरून उभा राहतो आणि लांबलचक बोलतो. एक अक्षर कळलं नाही, पण बाबांनी तो आवाज उचलला आणि कामगार नाट्यस्पर्धेत पदक आणलं. तेव्हापासून ते ‘नागपूरचे झारुबिन’. ही पदवी त्यांना कोणी दिली, याची आमच्या घरात चौकशी करत नाहीत.

खरे झारुबिन नदीकाठच्या एका गावातले. मॉस्कोत शिकले, एकाच थिएटरात म्हातारे झाले. मग युद्धाविरुद्ध जाहीरपणे एक वाक्य बोलले आणि पोस्टरवरून नाव गेलं. आता ड्रेस्डेनमध्ये असतात. बाबांना एकदाच तो आवाज समोर बसून ऐकायचा होता.

आम्ही राहतो हेर्त्सोगेनआउराखला. जगभर धावायचे बूट पुरवणाऱ्या या गावाला स्वतःचं रेल्वे स्टेशन नाही, त्यामुळे आधी एरलांगेनपर्यंत बस. माझ्या नवऱ्याला ऐनवेळी महत्त्वाचं काम सापडलं, म्हणून शनिवारी आम्ही दोघंच निघालो. वेळ असेल तर साध्या गाड्यांनी जा, स्वस्त पडतं. न्युर्नबेर्ग आणि हॉफला गाडी बदलावी लागते. हॉफला आमची पुढची गाडी चुकली, कारण आधीची उशिरा आली आणि पुढची नेमकी वेळेवर सुटली. जर्मन वक्तशीरपणाबद्दल ऐकून असलेल्या बाबांनी तिखट पुऱ्यांचा डबा उघडला. “आमच्या काळात कनेक्शन थांबवून धरायचो,” ते म्हणाले.

रविवारी दुपारी झारुबिनचं नाटक होतं, ड्रेस्डेनच्या नॉयश्टाट भागातल्या जुन्या कारखान्यात. ट्राम दारापर्यंत जाते. शेजारच्या बेकरीत आयरशेके नावाचा केक मिळतो, तो जरूर खा. नाटकाबद्दल तसं म्हणता येणार नाही.

झारुबिन आले ते नोकराच्या वेषात, सूपचं भांडं घेऊन.

“आता बोलतील,” बाबा कुजबुजले.

ते सूप वाढून गेले. मध्यंतरात बाबा म्हणाले, “दुसऱ्या अंकात असेल.” दुसऱ्या अंकात त्यांनी कोट झटकले. पडदा पडला. एका वाक्यापायी ज्याचा देश सुटला, त्याला इथे वाक्यच दिलेलं नव्हतं. भाषा येत नाही म्हणून मुकी भूमिका, असं माहितीपत्रकात लिहिलं होतं. मी ते आधी वाचायला हवं होतं, हे बाबा बोलले नाहीत. त्यांनी पिशवीतून शाल काढली.

“चल, आत जाऊ.”

“बाबा, इथे तसं नसतं. टेर्मिन लागतो.” इथे केस कापायलाही आधी वेळ ठरवावी लागते.

“अगं, नाटक झाल्यावर कोणी आत भेटायला गेलं नाही तर नटाला वाटतं, पडलं.”

दारावर मोठ्या अक्षरांत प्रवेश बंद लिहिलं होतं. बाबांना जर्मन येत नाही, हा त्यांचा फार मोठा फायदा आहे.

झारुबिन आरशासमोर रंग पुसत होते. बाबांनी “जयभीम” म्हणून त्यांच्या खांद्यावर शाल घातली. मालकिणीचं काम केलेल्या नटीला रशियन येत होतं. ती जर्मनमध्ये सांगणार, मी मराठीत. म्हणजे पुन्हा दोन गाड्या बदलणं आलं. बाबांनी सिनेमातला तो शेवटचा संवाद ऐकवायची विनंती केली. झारुबिन कसनुसं हसले. उत्तर माझ्यापर्यंत आलं तेव्हा वाटलं, सांगूच नये.

“काय म्हणाले?”

“बाबा, तो आवाज त्यांचा नव्हता. त्यांची बोली गावाकडची, म्हणून दुसऱ्या नटाचा आवाज घातला होता.”

बाबा मटकन खुर्चीवर बसले. मला रडूच येत होतं.

“आणि टोपी धरलेले हात?” त्यांनी विचारलं.

“हात माझेच,” उत्तर आलं.

“मग ठीक आहे. त्यांना सांग, आज सगळे नुसते बोलत होते. समोरच्याचं ऐकत होते ते हे एकटेच.”

हे पोहोचल्यावर झारुबिननी रंग पुसायचा बोळा खाली ठेवला. मग उठून म्हणाले, “करून दाखवा.”

बाबांनी माझी लोकरीची टोपी घेतली आणि उभे राहिले. झारुबिननी पुढे येऊन त्यांचं कोपर जरासं खाली केलं. पुन्हा पाहिलं, पुन्हा केलं. आम्हा दोघी दुभाष्यांना काहीच काम उरलं नाही.

परतीच्या गाडीत बाबा हॉफपर्यंत कोपर खाली धरून बसले होते.

आता ते नागपूरला परत गेलेत. परवा थिएटरने नवे फोटो टाकले. एका फोटोत सूप वाढणाऱ्या नोकराच्या खांद्यावर आमची शाल. मी लगेच बाबांना पाठवला. व्हिडिओ कॉलवर त्यांनी तो बघून चष्मा पुसला, परत बघितला.

“शाल उलटी घेतलीय,” ते म्हणाले. “काठ बाहेर हवा. जाऊन सांग त्यांना.”

पुढच्या रविवारी जातेय. टेर्मिन घेतलेला नाही.