पडद्यावरची झोप
परवा नात लस टोचून घरी आली आणि तिच्या दंडावरच्या स्पिरिटच्या वासाने मला पुराच्या वर्षात नेलं. विश्वामित्री नदीचा पूर ओसरल्यावर रावपुऱ्यातल्या शाळेत आम्ही नर्सा कॉलऱ्याची लस टोचत होतो. पायांचे नुसते खांब झाले होते. लग्न नवं, आणि सासूबाईंनी बजावलेलं, "हे काम आवरलं की नोकरी बंद." अशात सरकारी माणूस फिल्म काढायला आला. मी शहाणीने चिखलात उभं राहून पावडर लावली. "बेन, जरा हसो ने," तो म्हणाला, आणि मी कॅमेऱ्याकडे बघत दात काढले. सुईपुढे दंड धरून बसलेला म्हातारा घाबरून म्हणाला, "बेन, अहीं जुओ," म्हणजे इकडे बघा. काम आवरत आलं तेव्हा ती मुकी फिल्म चौकात चादरीवर दाखवली. घरच्यांना घेऊन मी मिरवत पुढे बसले. माझं हसू कुठेच नव्हतं. औषधांच्या खोक्यांना टेकून, तोंड उघडं टाकून झोपलेली मी मात्र होते. सगळा चौक हसला. सासूबाई हसल्या नाहीत. घरी येताना एवढंच म्हणाल्या, "उद्यापासून सकाळचा चहा मी करीन. तू ड्युटीपुरती ऊठ." निवृत्त होईपर्यंत नोकरी केली. आता दुपारी खुर्चीतच डोळा लागतो आणि नात मोबाइलवर फोटो काढते. तोंड अजून तसंच उघडं असतं.