सेक्रेटरींच्या गॅलरीसमोर

फिटरकाका रागावले की आवाज चढवत नसत, कामाला लागत. उरणच्या बंदरात पाइप जोडण्यात त्यांचा उभा जन्म गेला होता. निवृत्तीनंतर सुकापूरला आमच्या बिल्डिंगमध्ये तळमजल्यावर राहायचे. घरात दुसरं कुणी नाही, सोबतीला फक्त चिंगी, रस्त्यावरून उचललेली तांबूस कुत्री.

एकदा काका तिला जिन्याखाली ठेवून गावी गेले असताना सोसायटीच्या सेक्रेटरींनी चिंगीला गोणीत भरून टेम्पोनं लांब सोडायला लावलं. जिन्यात केस पडतात, एवढीच तक्रार. काका नऊ दिवस तिला शोधत हिंडले. विचुंब्याच्या पलीकडे सापडली, तेव्हा तिचा मागचा पाय सुजलेला होता. मला वाटलं, आता हे सेक्रेटरींच्या दारात जाऊन शिव्या देतील. तर एवढंच म्हणाले, "मी इसरनारा मानूस नाय."

सेक्रेटरींचा जर्मन शेफर्ड दर हिवाळ्यात खांदा कॉलनीच्या मैदानावर कुत्र्यांची अडथळ्यांची शर्यत जिंकायचा. त्याला शिकवायला खास माणूस यायचा. चिंगीचा पाय बरा झाला आणि काकांनी समोरच्या मोकळ्या प्लॉटवर पाइप कापायला घेतले. उड्या मारायला आडवे पाइप, तळ काढलेल्या दोन पिंपांचा बोगदा, विटांवर डुलणारी फळी. जागा बरोबर सेक्रेटरींच्या गॅलरीसमोरची. "सकाली चा पिताना त्याला दिसला पायजे," काका म्हणाले.

मी शाळेत शिकवायचे. रविवारी मोबाइलवर वेळ लावून उभी राहायचे. सुरुवातीला चिंगी फळीवर चढली की तिथंच बसकण मारायची. मी कंटाळायचे. काका सुक्या बोंबलाचा तुकडा हातात धरून उन्हात तसेच उभे. "बसू दे. आपल्याला घाई नाय." दीड वर्ष हे चाललं.

शर्यतीत शेफर्डनं दोन पाइप पाडले. चिंगीनं एकही नाही. सेक्रेटरी हसत पुढं आले, हात पुढं केला. काकांनी आपले हात मागं बांधले.

"माजा हात कशाला? तिची माफी माग."

चारचौघांत सेक्रेटरींचा इलाज चालेना. गुडघा टेकून ते पुटपुटले, "सॉरी." चिंगीनं त्यांचा हात चाटला.

परतताना रिक्षात मी विचारलं, "काका, संपलं ना आता?"

"तिचं संपलं," ते म्हणाले. "माजे नऊ दिवस तसेच हायत."

तीन वर्षांनी काका आजारी पडले. सेक्रेटरी फळं घेऊन हॉस्पिटलमध्ये आले, तर काकांनी भिंतीकडे तोंड फिरवलं आणि ते जाईपर्यंत वळले नाहीत.

काका गेल्यावर गच्चीवर शोकसभा झाली. चिंगीला मी घरी आणलं होतं, ती माझ्या पायाशी होती. सेक्रेटरी बोलायला उठले. "आमचे जिवलग शेजारी..." त्यांनी सुरुवात केली. मी एरवी सोसायटीच्या मीटिंगमध्ये तोंड उघडत नसे.

"तुम्ही नका बोलू," मी म्हणाले. "खाली बसा."

ते बसले. त्याचं मला आजही वाईट वाटत नाही.