मी पुरला, मीच काढतो

काहीही सांगितलं की ते "बरं, ताई" म्हणायचे. जज्जसाहेब रजेवर आहेत. बरं, ताई. पुढची तारीख दिवाळीनंतर. बरं, ताई. मग खांद्यावरचा पंचा डोक्याला गुंडाळून पायऱ्या उतरायचे. नव्वद सालच्या आसपास तुम्ही पनवेलच्या कोर्टात कधी गेला असाल, तर बाक रिकामं असूनही भिंतीशी उकिडवा बसलेला एक सडपातळ म्हातारा तुम्हीही पाहिला असेल.

मी तेव्हा एका वकीलसाहेबांकडे ज्युनिअर होते आणि ते आमचे पक्षकार. आपट्याच्या अलीकडच्या कातकरी वाडीतले. मुलगा एकच, वीटभट्टीवर कामाला. मुकादमाशी त्याचं भांडण झालं आणि दुसऱ्या दिवशी तो भट्टीमागच्या खड्ड्यात, साचलेल्या पाण्यात सापडला. दारू पिऊन पडला, असं पोलिसांनी लिहिलं. शवविच्छेदन झालंच नाही. प्रेत बापाच्या ताब्यात दिलं आणि अकस्मात मृत्यू म्हणून प्रकरण बंद केलं.

"मी आंगोळ घातली त्याला," पहिल्या भेटीत ते साहेबांना म्हणाले. "डोक्याला मागनं हात लावला, तर बोटं आत गेली." आवाज चढला नाही, की कापला नाही. बसचं वेळापत्रक सांगावं तसं सांगितलं.

एका पावसाळ्यात त्यांनी पानांत बांधून चिंबोऱ्या, ओढ्यातले खेकडे, आणल्या. त्यातली एक ऑफिसात सुटली. साहेब पाय वर घेऊन खुर्चीत बसले. हे टेबलाखाली वाकले आणि तिला अलगद धरून बाहेर आले.

"हिला कोर्ट समजत नाय," म्हणाले.

आम्ही खूप हसलो. ते हसले नाहीत, पण आम्ही हसत होतो तोवर उभे राहिले.

शेवटी मॅजिस्ट्रेटनी पोलिसांचा अहवाल नाकारला आणि अधिक तपासाचा हुकूम दिला. नव्या अधिकाऱ्यानं प्रेत उकरून तपासायचं ठरवलं. कातकरी आपली माणसं पुरतात, म्हणून ते शक्य होतं. हे त्यांना व्हरांड्यात सांगायचं काम माझ्याकडे आलं.

"बरं, ताई," ते म्हणाले. त्या दिवशी पंचा न बांधताच उन्हात निघून गेले.

उकरायच्या दिवशी सकाळी वाडीमागच्या माळावर तहसीलदार होते, सरकारी डॉक्टर होते, पोलीस होते, फावडी घेतलेले दोन मजूर होते. आमच्या पक्षकारांनी एका मजुराच्या हातातलं फावडं घेतलं.

"मी पुरला, मीच काढतो."

कुणी अडवलं नाही. खाली गेल्यावर त्यांनी फावडं बाजूला ठेवलं आणि हातांनी माती ओढायला लागले. त्यांची बायको लांब, पाठ करून बसली होती. डॉक्टरांनी कवटीची मागची चीर सगळ्यांना दाखवली. कवटी तपासणीसाठी मुंबईला न्यावी लागेल, असं अधिकारी म्हणाला.

"देनार ना परत?" त्यांनी विचारलं.

"देऊ. केस संपली की देऊ."

त्यांनी बाकीचं झाकलं, वर दगड रचले आणि आम्हा सगळ्यांच्या हातांवर पाणी घातलं.

मुकादमाला अटक झाली. खटला अलिबागला चालला. बऱ्याच वर्षांनी त्याला शिक्षा झाली. निकाल सांगायला मी स्वतः वाडीवर गेले. मला वाटलं होतं, त्यांना बरं वाटेल. ते दारात सूप विणत बसले होते. ऐकून घेतलं आणि म्हणाले, "मंग आता डोकं देतील?"

मुकादमानं हायकोर्टात अपील केलं होतं. ते संपेपर्यंत काही मिळणार नव्हतं. मी तसं सांगितलं. त्यांनी मान हलवली आणि पुढची काडी घातली.

अपील फेटाळलं गेलं तोवर ते राहिले नव्हते. भातकापणीच्या दिवसांत तापानं गेले. कवटी परत मिळायचा हुकूम झाला, तेव्हा त्यांची बायको आली. तिनं अंगठा उठवला आणि पुठ्ठ्याचं खोकं ताब्यात घेतलं. मी तिला स्टँडवर आपट्याच्या गाडीत बसवलं. कंडक्टर म्हणाला, "मावशी, खोकं वर ठेवा."

तिनं ते मांडीवरच धरलं. मग थोडं सरकून खिडकीशी बसली आणि शेजारी एक जागा मोकळी ठेवली. गाडी भरत आली होती. कुणीतरी येऊन तिथे बसलं.