पाण्यातली सातवी ओळ

बडोद्याच्या रावपुऱ्यात एका गल्लीच्या तोंडाशी माझ्या बाबांचं चष्म्याचं दुकान आहे. ते इतकं अरुंद आहे की दोन गिऱ्हाइकं आत आली की तिसऱ्यानं पायरीवर उभं राहायचं. आमचे पूर्वज फौजेत शिलेदार होते असं घरात अजून अभिमानानं सांगतात. पणजोबांची तलवार आत्याकडे गेली आणि बाबांच्या वाट्याला काच घासायचं चाक आलं. चाळीस वर्षं ते त्या चाकापुढे बसलेत. अलकापुरीतल्या चकचकीत दुकानांत तासाभरात चष्मा मिळतो. बाबांकडे चार दिवस लागतात आणि वर बोलणी खावी लागतात. "पाव नंबर इकडेतिकडे चालशे ने, काका?" असं कुणी म्हटलं की बाबा हातातली काच खाली ठेवून विचारतात, "आंख तमारी छे के पाडोशीनी?" गिऱ्हाईक मुकाट्यानं चार दिवसांनी येतं.

मी त्यांची एकुलती एक मुलगी, आकांक्षा. मला सगळं आत्ताच्या आत्ता हवं असतं, त्यामुळे आमचं जमतं आणि जमत नाहीही. पण या माणसाबद्दल लिहायचं तर आईच्या डोळ्यांपासून सुरुवात करावी लागते, त्याला माझा इलाज नाही.

आईचा उजव्या डोळ्याचा नंबर मायनस अकरा, डाव्याचा साडेतेरा. चष्मा काढला तर स्वतःची बोटं दिसायला तिला हात नाकाशी न्यावा लागतो. लग्नाच्या वयाची झाली तेव्हाही हे असंच होतं, आणि चष्मेवाली मुलगी कोण करणार, या काळजीनं माझ्या आजीची, कुसुमावतीबाईंची, झोप उडाली होती. बाबा पाहायला यायच्या दिवशी आजीनं आईचा चष्मा काढून घेतला आणि तांदळाच्या डब्यात दडवला. स्वयंपाकघराच्या दारापासून बैठकीपर्यंत चौदा पावलं, मग सतरंजीची कड, मग टेबल, असं आईनं आदल्या दिवशी पाठ केलं होतं. चहाचा ट्रे तिनं न सांडता नेला, पण पहिला कप मुलाच्या काकांपुढे धरायचा तो कोपऱ्यातल्या रिकाम्या खुर्चीपुढे धरला.

सगळ्यांना वाटलं मुलगी लाजली. बाबांना मात्र तिच्या नाकावरचे दोन लाल खळगे दिसले होते. चष्म्याच्या धंद्यातल्या माणसाच्या नजरेतून ते सुटायचे नव्हते. त्यांनी ना विचारलं, ना घरी जाऊन कुणाला सांगितलं. पसंती कळवली. अंतरपाट दूर झाला तेव्हाही आईच्या डोळ्यांवर चष्मा नव्हता. तिला समोर एक पांढरं काहीतरी आणि त्यावर लाल काहीतरी दिसलं, ते फेटा बांधलेले आमचे बाबा. लग्नानंतर दोन दिवसांनी त्यांनी तिला हळूच विचारलं, "किती नंबर आहे?" आई रडायला लागली. बाबा घाबरून म्हणाले, "अगं, मी तर अंदाज केलाय, मायनस आठच्या पुढे. चुकलो का?"

दुसरी गोष्ट तिथल नावाच्या किनाऱ्यावरची. मी सहा वर्षांची असताना आम्ही समुद्रावर गेलो होतो. गुडघाभर पाण्यात आई उभी होती, एक लाट आली आणि चष्मा घेऊन गेली. बडोद्याला परत येईपर्यंत बाबांनी तिचा हात सोडला नाही. गाडीत खिडकीशी बसून ते सांगत राहिले, "आता नर्मदेचा पूल. पाणी कमी आहे, मधे वाळूचं बेट आलंय, त्यावर बगळे. आता करजण. फलाटावर एक जण दोन बकऱ्या घेऊन उभा आहे." आई मान हलवत ऐकत होती. तेव्हापासून पाणी म्हटलं की चष्मा बाबांच्या खिशात आणि बाबांचं बोलणं आईच्या कानात, असं ठरूनच गेलं.

गेल्या दिवाळीत माझ्या ऑफिसातली एक मैत्रीण अंदमानहून आली. पाण्यात तोंड घालून तिनं काढलेला माशांचा व्हिडिओ मी घरी दाखवला. आईनं चष्मा काढला, फोन नाकाला लावला आणि तो अकरा वेळा पाहिला. मग म्हणाली, "अक्कू, एकदा असं काहीतरी मला कुणी न सांगता दिसायला हवं होतं." तक्रारीच्या सुरात नव्हे, भाजी संपली म्हणावं तसं म्हणाली. बाबा पेपर वाचत होते. त्यांनी पान उलटलं नाही, यावरून मला कळलं की त्यांना ऐकू गेलंय.

मी दुसऱ्याच दिवशी तिकिटं काढली. त्यानंतर अडचण लक्षात आली, माझं असंच असतं. पाण्याखाली पाहायच्या मुखवट्यात चष्मा बसत नाही. डोळ्यांत घालायच्या लेन्स आईला सोसत नाहीत, डोळे लाल होतात. नंबरवाले तयार मुखवटे मिळतात म्हणून मी एक फोनवर शोधून दाखवला. त्यात आठच्या पुढे नंबर नव्हता आणि दोन्ही डोळ्यांना सारखाच होता. बाबांनी माझ्याकडे असं पाहिलं की मी फोन खिशात टाकला. "साधा मुखवटा मागव," म्हणाले. "काच मी बसवतो."

दोन महिने, रोज दुकान बंद केल्यावर, ते तेवढंच करत होते. साध्या मुखवट्याच्या आतून नंबरची काच चिकटवायची. पण मुखवट्यात काच डोळ्यापासून जरा लांब जाते आणि लांब गेली की मायनस नंबर कमी पडतो, म्हणून वाढवायचा. शिवाय मासे काही समोरच्या फुटपाथवर नसतात, चार-पाच फुटांवर असतात, म्हणून पुन्हा कमी करायचा. पहिली जोडी लावून आईला चक्कर आली. दुसरीत चिकटवलेल्या जागी पाणी शिरलं. तिसरी जमली असं वाटलं, तेव्हा बाबांनी गच्चीवर पाण्याचं मोठं पिंप भरलं.

दुकानात अक्षरांचा तक्ता असतो तसा, सात ओळींचा, पण पिंपाच्या खोलीच्या हिशेबानं लहान केलेला तक्ता त्यांनी प्लॅस्टिकमध्ये बंद करून तळाशी सोडला. बाजूला पिशवीत गुंडाळलेली बॅटरी लोंबत ठेवली. आई स्टुलावर उभी राहून, तोंडात नळी धरून, पिंपात डोकं घालून वाकली. बोलता येत नव्हतं, म्हणून जितव्या ओळीपर्यंत वाचता येईल तितक्या वेळा तिनं पिंपावर बोटातली अंगठी आपटायची. उत्तरायणाचे दिवस होते, आजूबाजूच्या सगळ्या गच्च्या पतंगवाल्यांनी भरल्या होत्या. शेजारच्या गच्चीवरून एक काका घाबरून ओरडले, "जगतापभाई, बेनने शुं थयुं?"

"वांचे छे," बाबा म्हणाले.

टक, टक, टक, टक, टक, आणि जरा थांबून सहावी टक. चष्म्यानंसुद्धा आई उजेड चांगला असेल तरच सहाव्या ओळीपर्यंत जाते. सातवी तिनं आयुष्यात कधी वाचलेली नाही. बाबांनी तिला स्टुलावरून उतरवून तिच्या केसांतलं पाणी स्वतःच्या पंचानं पुसलं.

मार्चमध्ये आम्ही अंदमानला गेलो. दिवसभरात होडीनं तीन किनारे दाखवायचे आणि दोन ठिकाणी पाण्यात उतरवायचं, अशी सहल होती. आमचा गाईड बिमल तिथलाच, तिशीचा, शांत माणूस. बाबांचं आधीच ठरलं होतं, ते होडीत बसणार. बाबांना पाण्याची भीती वाटते आणि ते ती लपवत नाहीत. चांदोदला नर्मदेवर गेलो तरी ते पायरीवर बसून तांब्यानं आंघोळ करतात.

होडी थांबली. खाली पाणी हिरवं आणि स्वच्छ होतं. आईनं पिशवीतून मुखवटा काढला आणि बिमलनं तो हातात घेऊन उलटसुलट पाहिला. "आंटी, ये नहीं चलेगा. काँच चिपकाया हुआ है. अंदर निकल गया तो आँख में लगेगा." त्यानं आपल्याकडचा साधा मुखवटा पुढे केला. आईनं तो घेतला, डोळ्यांना लावला, पाण्याकडे पाहिलं आणि काढून मांडीवर ठेवला. मला राग आवरेना. मी तोंड उघडणार, तेवढ्यात बाबा उठले. डुलत्या होडीत ते पहिल्यांदाच उभे राहिले होते.

"बेटा, निकाल के दिखाओ," ते बिमलला म्हणाले.

बिमलनं काच नखानं उचकटून पाहिली. अंगठ्यानं दाबली. मुखवटा पाण्यात बुडवून बराच वेळ खाली धरला, वर काढून आतून बोट फिरवलं. बोट कोरडं होतं. "किसने बनाया?" त्यानं विचारलं. बाबांनी नुसतं आईकडे बोट दाखवलं, म्हणजे कुणासाठी ते सांगितलं. बिमल हसला. म्हणाला, ठीक आहे, पण मुखवटा सरकला तर आंटींना काहीच दिसणार नाही, म्हणून घरातलं कुणीतरी त्यांच्या शेजारी हवं.

"मी आहे ना," मी म्हटलं.

आईनं चष्मा काढून सवयीनं बाबांपुढे धरला आणि म्हणाली, "अहो, तुम्हीही या. तुमचा हात नसला तर मला पाण्यात उभंही राहता येत नाही."

बाबांनी चष्मा घेतला, खिशाशी हात नेला, आणि मग तो होडीवाल्याकडे दिला. जाकिटाचे पट्टे त्यांनी मला तीनदा आवळायला लावले. मी "बाबा, नको, राहू द्या" म्हटलं, तर माझ्यावरच खेकसले.

बिमल रबरी कडं ओढत पुढे, त्या कड्याला एका बाजूनं मी, मधे आई, पलीकडे बाबा. आईनं एका हातानं कडं धरलं होतं आणि दुसऱ्यानं बाबांचं मनगट. बिमलनं तीन म्हटलं आणि आम्ही सगळ्यांनी तोंडं पाण्यात घातली.

खाली काय होतं ते मी फार सांगणार नाही, कारण मी ते नीट पाहिलंच नाही. मी आईकडे पाहत होते. ती आधी हललीच नाही. मग तिची मान हळूहळू डावीकडून उजवीकडे फिरली. पिवळ्या पट्ट्यांच्या माशांचा एक थवा आमच्या हाताखालून गेला आणि ती वाकून त्याच्या मागे पाहत राहिली, थेट तो दिसेनासा होईपर्यंत. नळीतून तिचा काहीतरी आवाज आला, हसण्याचा की रडण्याचा ते कळलं नाही. मग तिनं बाबांना दाखवायला मान वळवली, आणि तिच्याबरोबर मीही पाहिलं.

बाबांनी डोळे गच्च मिटून घेतले होते. मुखवट्याआड, कपाळाला आठ्या घालून, दोन्ही हातांनी कडं आवळून ते नुसते तरंगत होते. मला इतकं वाईट वाटलं आणि इतकं हसूही आलं. एवढ्या लांब येऊन, दोन महिने खपून, हा माणूस डोळे मिटून पडलाय! मी त्यांना ढोसायला हात लांब केला. आईनं मान हलवून मला थांबवलं.

तिनं त्यांचं मनगट सोडलं नाही. त्याच हाताच्या एका बोटानं ती त्यांच्या हातावर ठोकायला लागली, सावकाश, पिंपावर ठोकायची तशी. माझ्या डोळ्यांदेखत होतं म्हणून मीही मोजले. एक, दोन, तीन, चार, पाच, सहा. मग थांबली. आणि सातवा.

बाबांच्या कपाळावरच्या आठ्या गेल्या. डोळे मात्र त्यांनी उघडले नाहीत.

होडीत चढल्यावर आईनं चष्मा लावला, बाबांच्या खांद्यावर टॉवेल टाकला आणि त्यांच्या अगदी जवळ बसली. "तुम्ही पाहिलंच असेल, तरी सांगते," ती म्हणाली. मग पुढच्या किनाऱ्यापर्यंत ती सांगतच राहिली. पिवळे पट्टेवाले कसे सगळे एकदम वळले, एक निळा एकटाच होता आणि आपल्याच तोऱ्यात होता, तळाशी एक बोटाएवढा मासा भोकातून तोंड काढून पुन्हा आत जात होता. बाबा मान हलवत ऐकत होते. मधूनच "हो, हो, तो निळा" म्हणत होते. मला रडू आवरेना, म्हणून मी बिमलशी उगाच हवापाण्याच्या गप्पा मारल्या.

आम्हाला परत येऊन आता बरेच महिने झाले. दुकानात कुणी विचारलं की बाबा काम थांबवून अंदमान सांगतात. निळा एकटाच होता आणि आपल्याच तोऱ्यात होता, शब्दही आईचेच. आई कधीमधी डबा घेऊन आलेली असते. ती पायरीवर बसून ऐकते आणि एक अक्षर बोलत नाही. दडवलेल्या चष्म्याचं आपण त्याच दिवशी ओळखलं होतं, हे बाबांनीही आजीला मरेपर्यंत कळू दिलं नव्हतं.

परवा मला राहवलं नाही. दुकानात आम्ही दोघंच होतो. भिंतीवरच्या तक्त्याकडे पाहून मी विचारलं, "बाबा, आई कधी सातवी ओळ वाचू शकेल का?"

"नाही," ते लगेच म्हणाले. "तिच्या डोळ्यांत तेवढी ताकदच नाही. कुठलीही काच लावली तरी सहाच."

"मग तिथे पाण्यात?"

त्यांनी काच उजेडाकडे धरून पाहिली, पंचाच्या टोकानं पुसली. पाव नंबरासाठी लोकांशी भांडणारा हा माणूस.

"सात होते," बाबा म्हणाले. "मी मोजले ना." आणि त्यांनी चाक सुरू केलं.