सातचा फेरा

देवांनी धर्म काढले ते माणसाला सुखाने मरता यावं म्हणून, आणि माझ्या मेव्हण्याने धर्म काढला तो मला सुखाने जगता येऊ नये म्हणून, असं माझं ठाम मत आहे. मी चौथी नापास माणूस. घाटनांदूरला उभा जन्म पिठाची गिरणी चालवली. धर्मातलं मला काही कळत नाही. पण जो देव जळक्या मोटारींना नवी तार भरायच्या दुकानात राहतो, ज्याला गंधाऐवजी ग्रीसचा टिळा लागतो आणि ज्याच्या आरतीला घंटेऐवजी गजराचं घड्याळ वाजतं, तो देव नव्हे, एवढं कळायला शाळा लागत नाही.

मेव्हण्याच्या दुकानात मागच्या भिंतीला विटांचा कट्टा आहे. त्यावर एका मेलेल्या डिझेल इंजिनाचं लोखंडी चाक उभं केलेलं आहे. हाच त्याचा देव. धर्माचं नाव फेराधर्म, आणि सगळं शास्त्र एका ओळीत: फिरतं ते जितं, थांबलं ते मेलं. अनुयायी अडीच. एक तो स्वतः, दुसरा एसटीतून रिटायर झालेला एक कंट्रोलर, आणि अर्धा म्हणजे एक ट्रॅक्टरवाला, जो फक्त प्रसादाच्या चहाला येतो. लाईट गेली की देव झोपला, आणि देव झोपला की भक्ताने जेवायचं नाही, असा त्याचा कडक नियम. आता आमच्या बीड जिल्ह्यात हा नियम पाळणारा माणूस कसा दिसेल? तसाच तो दिसतो. शर्ट खुंटीला टांगल्यासारखा अंगावर लोंबतो. उन्हाळ्यात तर त्याची बायको भाकरी थापून तारांकडे बघत बसते. मी एकदा म्हणालो, "अबे, तुझ्या देवापेक्षा लाईनमन मोठा. त्यालाच नैवेद्य दाखव." तर हा गंभीर होऊन म्हणतो, "दाजी, त्येला आमी पुजारी मानतो."

सगळ्यात मोठं पाप म्हणजे उशीर. खून एक वेळ चालेल. गावात एका लग्नाला आम्ही गेलतो. मुहूर्त बारा पस्तीसचा. बारा पस्तीसला नवरदेव मारुतीच्या पाराजवळ घोड्यावर, पुढे पोरं नाचतायत, नवरीचं अजून केसात फुलं माळणं चाललेलं. हा उठला, मांडवात गेला, मनगटावरचं घड्याळ बघितलं आणि बरोबर बारा पस्तीसला स्टेजवरच्या दोन रिकाम्या खुर्च्यांवर अक्षता टाकल्या. आचाऱ्याकडून पत्रावळीत बुंदी घेतली, खाल्ली आणि चालू लागला. मी लाजेने मेलो. म्हणालो, "अबे, कुठं निघाला? लग्न लागायचंय." म्हणतो, "लग्न लागलं. नवरा-नवरी आले न्हाईत, ते त्येंचं त्ये बघतील."

कपिलधारला आम्ही तिघे गेलतो, मी, माझी मंडळी आणि हा. एवढी धार पडते, तुषार अंगावर येतात, लोक हात जोडून उभे. आणि हा गायब! शोधून शोधून थकलो, तर एका दुकानामागे जनरेटर धडधडत होता, त्याच्यापुढे हा डोळे मिटून उभा. मी म्हणालो, "पाण्याच्या पाया पड की." म्हणतो, "पाणी नुसतं पडतंय दाजी, फिरत न्हाई." मला वाटलं ढकलून द्यावा. मंडळी हसत होती. म्हणाली, "असू द्या हो. त्याच्या देवाला बोकड तर लागत न्हाई."

तिचंच लाडाचं बेणं ते. आठ वर्षांनी धाकटा. आई लवकर गेली म्हणून हिनेच कडेवर वागवलेला. गिरणीची मोटार, पट्टा, बेअरिंग, सगळं तोच बघायचा. हिने त्याला शटरची दुसरी किल्लीच देऊन टाकली होती. गिरणी म्हणायची माझी, पण सकाळी सातच्या ठोक्याला स्टार्टरचं हिरवं बटन दाबायची ती. ताप असो, पाव्हणे असोत. बायका ज्वारीचे डबे घेऊन उभ्या राहायच्या आणि आमच्या गिरणीच्या आवाजावर आळीतली पोरं शाळेला निघायची. मेव्हणा म्हणायचा, "अक्का आमच्या धर्मातली संत हाय. तिला म्हाईत न्हाई, येवढंच." ती पिठाचा हात त्याच्या टाळक्यावर मारायची. पांढरं टाळकं घेऊन हा दिवसभर बाजारात फिरायचा, पुसायचा नाही.

ती गेली ती एका सकाळी, चहा टाकता टाकता. चहा उतू गेला, तेव्हा मला कळलं. सगळ्यांना फोन मीच केले. "माती चार वाजता," असं मीच सांगितलं. सवाष्ण बाई जाते तेव्हा माहेरचं लुगडं अंगावर घालतात, भाऊ ते घेऊन येतो. एवढाच भावाचा शेवटचा मान. मेव्हणा ते लुगडं आणायलाच गेला होता. साडेतीनला घर भरलं. कोणीतरी म्हणालं, आता थांबून काय करायचं? थंडीचे दिवस आहेत, लवकर अंधारतं. माझं डोकं ठिकाणावर नव्हतं. मी म्हणालो, "उचला."

हा मसणवाट्यात पोचला तेव्हा अग्नी दिलेला होता. काखेत पिशवी, पिशवीत हिरवं लुगडं, पळत आल्यामुळे धाप लागलेली. मी चार माणसांत त्याला म्हणालो, "जन्मभर मिनिटं मोजलीस, आन् बहिणीच्या मातीला लेट? थू तुझ्या देवावर!" त्याने एकदा घड्याळाकडे बघितलं आणि मान खाली घातली. दहाव्याला तो कोपऱ्यात बसला होता. मी त्याला चहा विचारला नाही.

गिरणी मी बंद केली. आत पाऊलच टाकलं नाही. पण तेराव्याच्या दुसऱ्या दिवसापासून रोज सकाळी सातला शटरचा आवाज यायचा. खर्रर्र वर, मिनिटभर शांत, खर्रर्र खाली. मग त्याची सायकल निघून जायची. महिना गेला, दोन गेले. मी अंथरुणात पडून शिव्या द्यायचो. आता माझ्या गिरणीत बसवतो की काय त्याचा देव! एके दिवशी ठरवलं, किल्ली काढून घ्यायची आणि संबंध संपवायचा. त्याच्या मागोमाग आत शिरलो.

मोटारीवर हिरवं लुगडं पांघरलेलं होतं. घडीची रेघ तशीच. त्याने ते बाजूला केलं, पट्ट्याला हात घालून चाक एकदाच फिरवलं, पूर्ण एक फेरा, आणि लुगडं परत नीट घालायला लागला.

मी म्हणालो, "हे काय चालवलंय बे?"

दचकला. मग म्हणाला, "बंद मशीन जाम होतं दाजी. रोज एक फेरा द्यावा लागतो."

"आन् लुगडं?"

"अक्काला घालायचं होतं. तिचा हात हितंच जास्ती लागलेला. मग हितं घातलं."

माझ्या तोंडात शिवी तयार होती. तोच खालच्या आवाजात म्हणाला, "दाजी, तुमी चार सांगितलं हुतं. मी चारला दारात हुतो."

आमच्याकडे चार म्हणजे साडेपाच, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक. जन्मात कधी कुठलं कार्य आमच्याकडे वेळेवर झालं नाही. एकदाच वेळेच्या आधी झालं, आणि सगळ्या गावात सांगितलेल्या वेळेवर भरवसा ठेवणारा एकच माणूस होता. मला ते त्या दिवशीच कळलं होतं. म्हणून तर ओरडलो होतो.

मी किल्ली मागितली नाही. "चहा घेऊन जा," म्हणालो. त्याने घड्याळ बघितलं, आणि बसला.

आता मीही सातला तिथे असतो. त्याचा धर्म मूर्खपणाचाच आहे, यात बदल नाही. हिरवं बटन दाबायला तो मला सांगतो, मी त्याला सांगतो, दोघेही दाबत नाही. बायका विचारतात, "बाबा, कावून बंद ठेवली? चालू करा की." बघू.

परवा सात वाजले आणि तो आला नाही. सात पाच झाले. मी लुगडं बाजूला केलं, पट्ट्यावर हात ठेवला आणि तसाच उभा राहिलो. सात अकराला पंक्चर सायकल ढकलत आला. चेहरा असा की कोणाचा जीव घेऊन आलाय.

"दाजी, फेरा दिला?"

"न्हाई."

"सातचा फेरा सातलाच द्याचा असतो. कावून थांबले?"

"थांबलो," मी म्हणालो. "हात लाव."